ओव्याची पुरचुंडी

“दिवाळीपासून सर्दी हटत नाहीये तुझी,” असं दादाला म्हणत आईने तव्यावर ओवा गरम केला. रुमालात बांधून तिने ती पुरचुंडी त्याच्या हातात दिली. तोही निमूटपणे ती हुंगत बसला. त्याचा गुडघा मात्र सारखा हलत होता.

गेल्या आठवड्यात त्याच्या खणात मला कोकेन सापडलं होतं. “कधीतरीच घेतो गं. आईला सांगू नकोस,” तो म्हणाला होता. तेव्हापासून मी नुसती कोकेनबद्दल वाचत बसते. दूरच्या डोंगरांत कष्टकरी माणसं कोकाची हिरवी पानं चघळून थकवा घालवतात. त्याच पानांवर रॉकेल आणि आम्ल ओतून नाकाने ओढायची ही पांढरी भुकटी काढतात. तिच्यामुळे धडधाकट माणसाचं हृदयही अचानक थांबू शकतं. इतके समुद्र ओलांडून ती आमच्या घरात आली, आणि तिच्यासमोर आईकडे होता मूठभर ओवा.

रुमालावर रक्ताचा ठिपका उमटला.

“उष्णता झालीय. थांब, गुलकंद देते,” म्हणत आई उठली. दादाने माझ्याकडे पाहून हळूच नकारार्थी मान हलवली.

“आई, बस जरा,” मी म्हणाले. “दादाला सर्दी झालेली नाही.”