अण्णांची जोडपुस्तकं

अण्णा गेल्याचं मला एसटीत कळलं. नोकरी संपली तरी महिन्या-दोन महिन्यांतून मी जुन्या मैत्रिणींना भेटायला हुपरीच्या बाजूला जाते, तशीच गेल्या महिन्यात निघाले होते. कंडक्टर तरुण होता, पण मला ओळखत होता. तिकीट हातात देत तो म्हणाला, "बाई, तुमी आला न्हाईसा ते? अण्णांचं जलदान बी झालं की गेल्या आठवड्यात..." त्याला वाटलं, मला ठाऊक असणार. मला कोण सांगणार होतं? मी त्यांची ना नात्यातली, ना गल्लीतली. मी त्यांची पॅसेंजर. तिकीट मुठीत धरून मी बसून राहिले, आणि उतरायचं गाव मागे गेल्यावर माझ्या लक्षात आलं.

अण्णा म्हणजे या मार्गावरचे कंडक्टर. आडनाव कांबळे, पण ते ड्युटीच्या तक्त्यापुरतं, बाकी सगळ्यांना ते अण्णाच. एक्क्याण्णव साली माझी बदली त्या बाजूच्या एका गावात झाली. (गावाचं नाव मुद्दाम लिहीत नाही, का ते पुढे कळेल.) मी कोल्हापुरातून रोज जाऊन-येऊन शिकवायची. इतिहासाची शिक्षिका, त्यामुळे गाडीत डोळ्यांसमोर जाडजूड पुस्तक आणि चेहऱ्यावर त्याहून जाड भाव. एकदा अण्णांनी तिकिटाला पंच मारता मारता माझ्या मांडीवरच्या पुस्तकात डोकावून विचारलं, "बाई, पाचशे पानांचं दिसतंय. ह्यात बायका कुठल्या पानावर हायत?" मला राग आला. रागीट मी पहिल्यापासूनच. पण घरी जाऊन चाळलं, तर साडेतीनशेव्या पानावर एक राणी होती, तीही सती जाताना. दुसऱ्या दिवशी अण्णांनी वर्तमानपत्रात गुंडाळलेलं एक पुस्तक माझ्या हातात ठेवलं. जात्यावरच्या ओव्यांचा संग्रह होता. म्हणाले, "दोन्ही संगं वाचा."

हीच त्यांची पद्धत होती. सिद्धार्थनगरात त्यांचं दोन खोल्यांचं घर. पुढच्या खोलीत छतापर्यंत फळ्या ठोकलेल्या आणि त्यांवर रद्दीच्या दुकानांतून, कुणाच्या आवरलेल्या घरांतून, बंद पडलेल्या वाचनालयांतून जमवलेली पुस्तकं. देवस्थानांची, दुष्काळांची, तालमींची, भटक्या जमातींची, सीमाभागातल्या भाषांची, बाळंतपणातल्या रीतींची... अण्णा शिकलेले नववीपर्यंत, पण कुठलं पुस्तक कुणाशेजारी ठेवायचं हे त्यांना बरोब्बर कळायचं. तुम्ही एक मागितलंत की ते दोन काढणार, आणि दुसरं पहिल्याशी भांडणारं असणार. किल्ल्यांचं पुस्तक मागा, सोबत पाथरवटांचं यायचं. हुपरीच्या एका चांदी कारागिराला दागिन्यांचा इतिहास हवा होता, त्याला त्यांनी खाणकामगारांवरचं पुस्तक जोडून दिलं. तो बिचारा कुरकुरत घेऊन गेला आणि पुढचे तीन आठवडे गाडीत खाणींशिवाय दुसरं बोलला नाही. मी याला जोडपुस्तकं म्हणायची. अण्णा हसायचे. पुस्तकं परत देताना आवडली का, असं ते कधी विचारत नसत. विचारायचे, "ह्यात काय ऱ्हायलंय?" याचं उत्तर दिल्याशिवाय पुढची जोडी मिळायची नाही. बीएडला कुणी शिकवलं नसेल इतकं मी त्या एका प्रश्नाने शिकले, हे मी आज मोकळेपणाने सांगते. तेव्हा कबूल केलं नसतं.

सत्त्याण्णवच्या सुमारास आमच्या शाळेचा अमृतमहोत्सव आला. स्मरणिका काढायचं ठरलं आणि शाळेचा इतिहास लिहायचं काम माझ्याकडे आलं. मी खूश झाले. जुनी कपाटं उघडली, कसर लागलेली रजिस्टरं बाहेर काढली, धूळ खाऊन आठवडाभर शिंकत होते. त्यातल्या एका रजिस्टरात एका मुलीच्या नावापुढे, शेऱ्याच्या रकान्यात, एकच शब्द होता : 'बाहेर'. मी वरखाली पाहिलं. आणखी चार नावं, तोच शब्द. कोल्हापूर संस्थानात तर हुकूम आधीच निघालेला, सगळी मुलं एकत्र बसवायची. पण तो आमच्या गावाच्या वेशीवर अडकला असावा. मी तो सगळा मजकूर लेखात घेतला. हेडसरांनी वाचला, चष्मा काढून पुसला आणि म्हणाले, "बाई, शुभकार्य आहे. गावातली मंडळी वर्गण्या देतायत. एवढा परिच्छेद नसला तरी लेख छानच आहे." आणि मी तो काढला. कुणी माझा हात धरला नव्हता. मीच काढला, दोन तिरक्या रेघा मारून.

स्मरणिका छापून आली. माझा फोटोही होता. पहिली प्रत मी अण्णांना दिली. आठवड्याने त्यांनी ती परत आणली, चांगल्या कागदाचं कव्हर घालून. मी तयारीतच होते. विचारतील, आणि मी काहीतरी शहाण्यासारखं सांगेन. त्यांनी तिकीट दिलं, सुटे दिले आणि मागच्या सीटकडे वळले. दुसऱ्या दिवशी तेच, तिसऱ्या दिवशीही तेच. मला लागलं ते. एवढं लिहिलं, साधं बरंय म्हणायला काय जातं? मी सकाळची आधीची गाडी धरायला लागले. दोन-अडीच महिने मी त्या माणसाचं तोंड पाहिलं नाही आणि हा माझा स्वाभिमान आहे, असं समजत राहिले.

मग एका रविवारी त्यांची राहिलेली जोडी परत करायचं निमित्त करून मी सिद्धार्थनगरात गेले. वहिनींनी चहा ठेवला. अण्णा फळ्यांपुढे पाठमोरे उभे होते. माझ्याने राहवलं नाही. "अण्णा, सगळ्यांना विचारता. माझ्या लेखात काय राहिलं ते तेवढं विचारलं नाहीत." ते वळले. आवाज नेहमीसारखाच मोठा, पण राग नव्हता त्यात. "ज्याला ठावं न्हाय त्येला इचारायचं असतंय, बाई. तुमाला ठावं हुतं."

मी विचारलं, तुम्हाला कसं कळलं? त्यांनी आतल्या खोलीकडे मान केली. "आमची आई त्या गावची. त्याच शाळंत दुसरीपातुर गेलती."

माझ्या हातातला कप खाली ठेवायलाही मला सुचेना. त्या क्षणी मला जी लाज वाटली ती अजून गेलेली नाही... वहिनी मला आत घेऊन गेल्या. अण्णांची आई खिडकीशी बसली होती, सत्तरी ओलांडलेली, बारीक चणीची, डोळे लख्ख. मी कोण ते कळल्यावर तिनं मला जवळ बसवून घेतलं आणि सांगितलं, आढेवेढे न घेता. ही पोरं दाराबाहेर पायरीवर बसायची. फळा कडेनंच दिसायचा, म्हणून तिची अक्षरं तिरकी झाली आणि जन्मभर तिरकीच राहिली. "मास्तर चांगलं हुतं," ती म्हणाली. "मी पाटी खाली ठेवायची, मागं सरकायची. मग मास्तर वाकून बघायचं. बराबर असलं की मान हलवायचं. मला लई आवडायची शाळा." सांगताना ती हसत होती. रडत मी होते, आणि ती मलाच पाणी दे म्हणून सुनेला सांगत होती.

निघताना मी अण्णांना म्हणाले, हे मी लिहीन. स्मरणिकेत नाही तर वर्तमानपत्रात लिहीन. अण्णा एवढंच म्हणाले, "लिवा की." दुसऱ्या दिवसापासून मी पुन्हा त्यांच्या गाडीने जायला लागले, आणि जोड्या पुन्हा सुरू झाल्या.

मी लिहिलं नाही. आधी हेडसर निवृत्त होऊ देत म्हटलं. ते झाले, तर माझ्या बढतीचं चाललं होतं. मग मुलीचं लग्न. मग अण्णांची आई गेली, तेव्हा वाटलं, आता लगेच लिहिणं बरं दिसणार नाही. कारणांना काय तोटा? दोन हजार दोनमध्ये अण्णा निवृत्त झाले, तरी मी पुस्तकांसाठी घरी जात राहिले. लेखाचं त्यांनी एकदाही विचारलं नाही. आपल्याला भिडस्त माणसाचा स्वभाव वाटतो तो. पण अण्णा भिडस्त नव्हते, भर गाडीत कुणालाही सुनवायचे. मला ठाऊक होतं, म्हणून ते विचारत नव्हते.

परवा हा मजकूर घेऊन मी सिद्धार्थनगरात गेले. छापायला देण्याआधी वहिनींच्या कानावर घालावा म्हणून. पुढच्या खोलीत पुस्तकं जागच्या जागी होती. आता लोक ती परत करायला येतात आणि जाताना नवी मागतात. वहिनींना वाचनाची फारशी सवय नाही, तरी मागितलेल्या पुस्तकाशेजारचं दुसरं काढून त्या हातात देतात. मी होते तेवढ्या वेळात एक कॉलेजची मुलगी अशीच दोन घेऊन गेली.

मी वाचून दाखवलं. माझ्या रेघा मारण्यापासून पाटीपर्यंत सगळं. वहिनी पदराने डोळे पुसत ऐकत होत्या. संपल्यावर म्हणाल्या, "झ्याक लिवलंयसा. सगळं खरं हाय. पर बाई, आई आई म्हंतायसा निस्तं... माज्या सासूचं नाव कुठाय ह्यात?"

मी पानं उलटून पाहिली. कुठेच नव्हतं. रजिस्टरात मी ते वाचलं होतं, तिच्या तोंडून ऐकलं होतं, आणि तरीही मी ते दुसऱ्यांदा गाळलं होतं.

वहिनींनीच पेन आणून दिलं. त्यांच्यासमोर बसून मी शेवटची ओळ लिहिली. तिचं नाव तानूबाई.