कडी धरून दार लावणारा

कल्याणात प्लेग शिरला त्या साली मुंबईच्या मेडिकल कॉलेजातल्या प्रयोगशाळेतून एक गृहस्थ लस टोचायला आमच्या आळीत आले. सगळ्यांनी त्यांना दारातूनच परत पाठवलं. आमच्या सासूबाईंनी निदान पाणी दिलं. त्यांनी तांब्या जराही आवाज न करता ठेवला आणि निघताना कडी हातात धरून दार अलगद ओढलं.

सासूबाईंनी त्यांना थांबवलं. "घरी कुणी आजारी आहे का हो? इतकं जपून वागता ते?"

"नाही, आई. लशीसाठी आम्ही काचेच्या चंबूत प्लेगचे जंतू वाढवतो. आतल्या द्रवावर तरंगणाऱ्या तुपाच्या थेंबांना धरून ते धाग्यांसारखे खाली लोंबतात. कुणी दार आपटलं की धागे तुटतात. मग सगळं पहिल्यापासून."

सासूबाईंनी दंड पुढे केला. मला म्हणाल्या, "दाराला जपणारा माणूस हाताला जपेल. तूही ये गं." त्यांच्या मागोमाग सगळी आळी आली.

त्यांचं नाव विचारायचं राहूनच गेलं, नाहीतर देवापुढे रोज घेतलं असतं. सासूबाई पुढे वीस वर्षं जगल्या आणि रोज माझ्याशी कडाकडा भांडल्या. पण दार आम्ही दोघींनी कधी आपटलं नाही.