काकांसाठी लिहिलेली भूमिका

राजापेठेत आमच्या घराखाली ट्यूशन क्लास आहे. वरच्या खोलीत बसून मी वर्षानुवर्षं मिळेल ते लिहिलं. फवारणी करताना काय काळजी घ्यावी याचा माहितीपट, सराफाच्या जाहिराती, दाक्षिणात्य सिनेमांच्या मराठी डबिंगचे संवाद. त्यातून वेळ काढून पहिली मोठी पटकथा लिहिली. वरूडचा एक संत्र्याचा व्यापारी बायको वारल्यावर स्वयंपाक शिकतो, अशी गोष्ट.

व्यापारी लिहिताना डोळ्यांसमोर अकोल्याचे काका होते; नात्यातले नव्हेत, पण आम्ही सगळे त्यांना काकाच म्हणायचो. त्यांचं झेरॉक्सचं दुकान. मी कॉलेजात असताना त्यांनी आमची एकांकिका बसवली होती. जन्मभर हौशी नाटकं केली, पण कॅमेऱ्यासमोर कधी उभे राहिले नव्हते. भूमिका त्यांचीच, हे मी त्यांना सांगूनही टाकलं होतं.

निर्माता मिळाला तो एका अटीवर. व्यापारी म्हणून मुंबईचा ओळखीचा चेहरा हवा. दिग्दर्शक म्हणाला, "नाहीतर सिनेमाच होणार नाही." मी मान्य केलं. फोनवर सांगवेना, म्हणून अकोल्याला गेले.

काकांनी सगळं ऐकून घेतलं, मशीन बंद केली.

"त्याले आपली बोली येते काय?"

"नाही. संवाद सोपे करू म्हणतात."

"सोपे कायले?" आता मात्र ते चिडले. "मी शिकवतो त्याले."

आणि खरंच वरूडला शूटिंगच्या जागी आले. रोज सकाळी तो नट आणि काका संत्र्याच्या बागेच्या बांधावर बसत. नट आधी संकोचला होता, मग त्यांच्या मागे मागे फिरू लागला. कणीक मळता मळता व्यापारी थांबतो आणि बायकोला हाक मारायला तोंड उघडतो, त्या प्रसंगात त्यानं खांदा किंचित खाली सोडला. ती लकब काकांची होती. मला आनंद झाला आणि वाईटही वाटलं. टेक संपल्यावर पहिली टाळी काकांनीच वाजवली.

सिनेमा महोत्सवांत गाजला, नटाला बक्षीस मिळालं. त्यानं स्टेजवरूनच काकांचे आभार मानले. तरी माझ्या मनातली रुखरुख जाईना. मग मी काकांसाठी दोनच पात्रांचा, एका घरात घडणारा छोटा सिनेमा लिहिला. निर्माता शोधलाच नाही. मित्रांनी कॅमेरा आणला, घर काकांच्या बहिणीचं.

"आता नाही म्हणू नका," मी म्हटलं.

"अन् दुकान?"

"बंद ठेवा."

ठेवलं त्यांनी. बहिणीनं सगळ्यांना वरण-भात करून घातला आणि मधूनमधून भावाला दटावलंही.

अकोल्यातल्याच एका कॉलेजच्या हॉलमध्ये तो दाखवला. काका शेवटच्या रांगेत हाताची घडी घालून बसले होते. दिवे लागल्यावर लोक त्यांच्याभोवती जमले. ते त्यांच्यातून वाट काढत माझ्याकडे आले.

"कसं वाटलं, काका?"

"चालताना मी पाय ओढून राहिलो, पाह्यलं का तू?" ते गंभीरपणे म्हणाले. "पुढच्या टायमाले सुधरवतो."