आपल्या माणसाची पावती

कोर्टाने हुकूम दिला की काम झालं, असं तुम्हालाही वाटतं ना?

बाबा नोकरीत असताना गेले. त्यांच्या जागी आईला घ्यावं, हा अर्ज चार वर्षं पडून होता. शेवटी कोर्टाने ऑफिसला बजावलं, आदेशाची प्रत मिळाल्यापासून साठ दिवसांत निर्णय घ्या. प्रत आईनेच नेऊन दिली. या हिंदी मुलखातल्या ऑफिसात तिथला बाबू मात्र आमच्याच दानाओली मोहल्ल्यातला, आमच्यासारखाच मराठी. पावती मागताच तो हसला, "वहिनी, आपल्याच माणसावर भरोसा नाही?" आई ओशाळून परतली.

तीन महिन्यांनी तोच बाबू मला म्हणाला, "कौनसी प्रत? आमच्याकडे आलीच नाही."

म्हणजे कागदोपत्री साठ दिवस सुरूच झाले नव्हते. त्याच महिन्यात आईची वयोमर्यादा संपली.

समोर सख्खा भाऊ बसलेला असला, तरी शिक्का मारलेली पावती घेतल्याशिवाय खिडकी सोडू नका.