खंडेनवमीला पुसलेल्या एकोणतीस खाणी

कुपवाडच्या वर्कशॉपमध्ये मला पहिली नोकरी लागली, तेव्हा बाहेर दहा माणसं लोखंडाशी झुंजायची आणि मी एकटी काचेच्या खोलीत कॉम्प्युटरपुढे बसायची. नव्वदीचं दशक अर्धं सरलं होतं. कॉम्प्युटरचा वर्ग पूर्ण केलेली मुलगी म्हणजे मोठीच असामी, असं निदान मला तरी वाटायचं. मालकांनी यंत्र हौसेनं घेतलं होतं आणि त्याला हात लावायला ते स्वतःच घाबरायचे. चपला बाहेर काढून आत यायचं, हा नियम मी पहिल्याच आठवड्यात केला आणि मालकांनाही लावला. त्यांनी तो मुकाट्यानं पाळला, त्यामुळे माझं डोकं आणखीच वर गेलं.

माझे वडील खंडाळ्याकडच्या एका खेड्यातून सांगलीत आले, दवाखान्यात शिपाई म्हणून लागले आणि इथलेच झाले. आमचं बौद्धांचं घर. मी संध्याकाळी सायकलवरून घरी आले की त्यांचा एकच प्रश्न असायचा, ‘माणसं नीट वागत्यात न्हवं?’ त्यांना या प्रश्नाची सवय गावानं लावली होती. मला त्याचा कंटाळा यायचा. ‘वागतात हो,’ म्हणून मी चहाला लागायची.

वर्कशॉपमधले सगळ्यांत जुने टर्नर, म्हणजे लेथवर लोखंड कातणारे, मेढ्याकडचे होते. त्यांना सगळेच मामा म्हणायचे, मीही. गावाकडे बायको आणि डोंगराच्या कुशीत थोडी भातशेती. इथे कुपवाडात एका खोलीत एकटेच राहायचे आणि महिन्यातून एकदा एसटीनं गावी जाऊन यायचे. उजव्या हाताच्या तर्जनीचं वरचं पेर कधीतरी यंत्रात गेलेलं. दिवाळीला ते कामावरून कायमचे सुटणार होते.

ज्येष्ठातल्या एका दुपारी जेवणाच्या सुट्टीत मी खेळ खेळत बसले होते. यंत्र विकणाऱ्यानं त्यात एक खेळ घालून दिला होता. जमिनीखाली एक ठेंगणा माणूस, त्यानं माती पोखरायची, दगड अंगावर पडू न देता हिरे वेचायचे आणि दार गाठायचं. अशा तीस खाणी. एक पार केली की यंत्र ती लक्षात ठेवायचं आणि दुसऱ्या दिवशी बरोबर पुढच्या खाणीच्या तोंडाशी नेऊन सोडायचं. मामा काचेबाहेर डबा हातात घेऊन उभे होते. मी बोलावलं तर चपला काढून आत आले, बराच वेळ पाहत राहिले आणि म्हणाले, ‘ह्या गड्याला शेवटाला काय गावतं?’

‘मला काय माहीत? मी सातव्या खाणीच्या पुढे गेले नाही.’

‘मग बगाय पायजे.’

तिथून सुरुवात झाली. रोज जेवण पाच मिनिटांत उरकायचे आणि खुर्चीवर येऊन बसायचे. पण बाणाच्या चार कळा एकाच हाताला होत्या आणि त्यांची तर्जनी आखूड. चौथ्या दिवशी म्हणाले, ‘दोन चाकं पायजेत. लेथला डाव्या हातानं आडवं जातो, उजव्यानं आत-भाईर. हितं बी तसं जमंल का?’ मी खेळाच्या सेटिंगमध्ये गेले, आडव्या चालीच्या कळा डाव्या हाताला लावल्या, वर-खालीच्या उजव्या हाताला. त्यांचा हात एकदम मोकळा झाला.

त्याच वेळी मी आणखी एक गोष्ट केली आणि त्यांना सांगितली नाही. खेळाचा वेग मी निम्म्यावर आणला. म्हातारं माणूस, आखूड बोट, उगाच हिरमुसेल, असं मला वाटलं. खरं सांगायचं तर मला त्यांची दया आली होती, आणि दया करताना माणसाला स्वतःचंच फार कौतुक वाटतं, तसं मला वाटत होतं.

मामा एकेक खाण पार करत गेले. गणपती झाले, पितृपंधरवडा झाला. नवरात्रात ते एकोणतिसावी पार करून आले. आता एकच उरली होती. मेढ्याला कुठला कॉम्प्युटर? दिवाळीच्या आत शेवट दिसला तर दिसला, नाहीतर या जन्मी नाही, हे त्यांनाही कळत होतं आणि मलाही. बाहेरची पोरं येताजाता विचारायची, ‘मामा, गावला का शेवट?’ मामा म्हणायचे, ‘गावंल की. पळून जातोय व्हय?’

मग खंडेनवमी आली. त्या दिवशी वर्कशॉपात काम नसतं. सकाळपासून रॉकेलात भिजवलेल्या चिंध्यांनी यंत्रं पुसायची, कोपऱ्याकोपऱ्यातला लोखंडाचा कीस काढायचा, हत्यारं मांडायची आणि मग हळदकुंकू, झेंडूच्या माळा. आमच्या घरात पूजा नाही. मी प्रसादाचा पेढा घ्यायची आणि दुसऱ्या दिवशी, धम्मचक्र प्रवर्तन दिनाला, पांढरी साडी नेसून वडिलांबरोबर विहारात जायची. यावर कुणी कधी काही बोललं नाही. पण माझ्या यंत्रालाही माळ घालायची, असा मालकांचा आग्रह होता, म्हणून मी पडदा पुसत बसले होते.

मामा आले. हात रॉकेलानं चकाकत होते. त्यांनी आपल्या लेथची दोन्ही चाकं फिरवून त्यांच्यावरच्या मापाच्या डायल शून्यावर आणल्या होत्या आणि इतरांच्या यंत्रांवरही नजर टाकून आले होते.

‘ह्याचं शून्य कुठाय गं?’

‘खेळाचं? आहे की. पण सगळं पहिल्यावर जाईल, मामा.’

‘जाऊ दे की. पूजेला यंत्र शून्यावर उभं ऱ्हायला पायजे. तीस वर्सं झाली, डायल शून्यावर आणल्याबिगर मी हळद लावल्याली न्हाई.’

मी सेटिंग उघडली. सगळ्यांत खालच्या ओळीवर गेले. यंत्रानं इंग्रजीत विचारलं. मी वाचून दाखवलं, ‘खात्री आहे का, असं विचारतंय.’

‘शून्याला खात्री कशाला? दाब.’

माझं बोट कळीवरच थांबलं. एकोणतीस खाणी, चार महिन्यांच्या दुपारच्या सुट्ट्या, आणि हा माणूस पूजेसाठी त्यांच्यावर पाणी सोडतोय. मी तर एका खाणीसाठीही सोडलं नसतं. मला त्यांच्यापुढे अगदी लहान झाल्यासारखं वाटलं. मग मी कळ दाबली. पडदा क्षणभर काळा झाला आणि पहिल्यासारखा उजळला. मामांनी झेंडूची माळ स्वतःच्या हातानं पडद्यावर घातली आणि समाधानानं बाहेर गेले.

दसरा झाल्यावर पहिल्याच दुपारी ते खुर्चीवर बसले आणि म्हणाले, ‘चल, तिसावी काढ.’

‘मामा, ती गेली ना. तुम्हीच म्हणालात.’

‘आगं, डायल शून्यावर आणली मी. जॉब कुठं जातोय? चकात धरल्याल्या जॉबला आटं पाडलं, मग डायल शून्यावर आणली, तर आटं काय पुसून जात्यात?’

आता माझ्या डोक्यात प्रकाश पडला. मी ज्याला वैराग्य समजून भारावले होते, तो लेथवरच्या माणसाचा साधा हिशेब होता. त्यांच्या दुनियेत शून्य म्हणजे मोजायला सुरुवात करायची खूण. कापलेलं लोखंड, तोच जॉब, कापलेलंच राहतं. त्यांना सांगायला हवं होतं ते मी सांगितलं नव्हतं, कारण मला ते माहीत असल्यानं सगळ्या जगालाच माहीत आहे, असं मी धरून चालले होते. अतिशहाणा त्याचा बैल रिकामा, तशी गत.

‘यात जॉब नसतो, मामा,’ मी कशीबशी म्हणाले. ‘आकडा हाच जॉब. तो पुसला की मागे काहीच राहत नाही.’

ते चिडतील, असं वाटलं होतं. ते चिडले नाहीत. त्यांनी यंत्राच्या डब्यावर तळवा ठेवला.

‘म्हंजी चार म्हयनं ह्यात एक आकडाच हुता?’

‘हो.’

‘आन् एका दाबात गेला. कीस बी पडला न्हाई.’ ते बराच वेळ त्या डब्याकडे बघत राहिले. लोखंडाचा केसभर थर काढायला किती ताकद लागते, हे ज्याच्या खांद्याला ठाऊक आहे, त्या माणसाला वाटलेलं ते आश्चर्य होतं. मी रोज त्या यंत्रापुढे बसत होते आणि मला कधी असं काही वाटलं नव्हतं. त्या दिवशी मलाही त्या डब्याची थोडी भीती वाटली.

मग त्यांनी खुर्ची पुढे ओढली आणि पहिली खाण सुरू केली. दहा-बारा पावलांतच ठेंगणा माणूस दगडाखाली गेला. मामांनी मान वाकडी केली. खेळातला गडी चालला की यंत्रातून टिकटिक आवाज यायचा, तो ते ऐकत होते.

‘आवाज चढलाय,’ ते म्हणाले.

माझे कान तापले. शून्यावर जाताना सगळ्याच सेटिंग पुसल्या होत्या, कळाही आणि वेगही. खेळ आता त्याच्या मूळ वेगानं पळत होता.

‘मी... कमी करून देऊ का?’

‘नगं. कळा तेवढ्या लावून दे पयल्यासारख्या.’ आणि मी कळा लावत असताना अगदी सहज म्हणाले, ‘पयल्यांदा तू हळू लावला हुतास, ते कळलं हुतं मला. तू खेळायचीस तवाचा आवाज आन् माजा आवाज येगळा हुता. नव्या पोराला आमी बी लेथ हळू लावून देतो. सांगत न्हाई.’

चार महिने ते जाणून होते. मला वाटलं, माझी लाज राखायला बोलतायत. भल्या माणसाचं बोलणं, म्हणून मी ते मनाशी ठेवलं आणि खाली मान घालून चलनं टाइप करायला लागले.

दिवाळीला वीस दिवस होते. तीस खाणी, दुप्पट वेग, रोजची अर्ध्या तासाची सुट्टी. हे होणार नाही, हे मला बोटांवर मोजून दिसत होतं. पण एका सकाळी मालकांचा निरोप सांगायला मी बाहेर गेले, तर मामांचा लेथ बंद होता. चक, म्हणजे लोखंड धरून फिरवणारा पंजा, थांबलेला, जॉब अजून आला नव्हता. आणि मामा डोळे मिटून दोन्ही चाकं फिरवत होते. डावं थोडं, थांबा, उजवं अर्धा फेरा, पुन्हा डावं. मी जवळ जाऊन उभी राहिले. त्यांचे ओठ हलत होते. ‘हितं दगुड,’ ते पुटपुटले आणि चाक मागे घेतलं.

ते अकरावी खाण चालत होते. माझ्या ओळखीची नव्हती, पण त्या दुपारी त्यांनी अकरावी उघडली आणि पहिल्याच फटक्यात पार केली, तेव्हा हात अगदी तसेच फिरताना मी पाहिले. एकोणतीस खाणी, त्यातला प्रत्येक दगड, प्रत्येक वळण, सगळं त्या माणसाच्या मनगटात होतं. यंत्राच्या पोटातून ज्या क्षणी सगळं गेलं, त्या क्षणीही इथे काही हललं नव्हतं. मी शिकलेली, मी काचेच्या खोलीतली, आणि मला काल कुठलं पत्र टाइप केलं ते आठवत नव्हतं.

रोज दोन खाणी, कधी तीन. बाहेरची पोरं डबे घेऊन काचेशी उभी राहायला लागली, मग आतही येऊ लागली. मी चपलांचा नियम मोडीत काढला, कारण दारात दहा जोड झाले की मालकांना आत येता येईना.

त्यांच्या कामाचा शेवटचा दिवस धनत्रयोदशीच्या आधी होता. दुपारच्या सुट्टीत तिसावी खाण समोर होती. ही कधी पाहिलेलीच नव्हती, तेव्हा मनगटातही नव्हती. दोनदा गडी दगडाखाली गेला. तिसऱ्यांदा मामांनी नुसतंच पाहिलं, हात मांडीवर ठेवून, नवीन जॉबचं ड्रॉइंग वाचावं तसं. मग हात उचलले. मला शेवटची पाच-सहा पावलं पाहवली नाहीत, मी डोळे मिटले. पोरांचा गलका झाला तेव्हा उघडले.

पडद्यावर माती संपली होती. ठेंगणा माणूस जमिनीवर उभा होता आणि वर काळ्या आभाळात बारीक बारीक ठिपके. खाली एक ओळ.

‘काय लिवलंय?’

‘बाहेर आलास, असं लिहिलंय.’

मामा घंटा होईपर्यंत त्या चांदण्यांकडे बघत बसले. मग उठून उरलेले चार बुश कापायला गेले.

संध्याकाळी मालकांनी नारळ, शाल दिली. कारागिरांत, माणूस कुणाचा मुलगा हे मागाहून विचारतात, कुणाच्या हाताखालचा हे आधी. जाणाऱ्यानं ते सगळ्यांसमोर उभं राहून सांगायचं, अशी आमच्या वर्कशॉपची रीत होती. मामा उभे राहिले.

‘मी दोगांच्या हाताखाली शिकलो. लेथ शिकलो मिरजेच्या एका वस्तादाच्या हाताखाली, त्यो आता न्हाई.’ मग त्यांनी आखूड बोट माझ्याकडे केलं. ‘आन् ह्यो खेळ, ह्या बाईच्या हाताखाली. पयलं हळू लावून दिलं, बोलली न्हाई. वस्ताद असाच पायजे.’

कुणी हसलं नाही. पोरांनी माझ्याकडे वळून पाहिलं ते अगदी गंभीरपणे. माझ्या दयेला त्या माणसानं पहिल्यापासून शिकवणं समजलं होतं, आणि आता ते चारचौघांत आपल्या नावाला जोडून घेतलं होतं.

घरी गेले तेव्हा वडील जेवत होते. त्यांनी नेहमीचा प्रश्न विचारायच्या आधीच मी सांगितलं, सगळं, शब्दाला शब्द. त्यांनी हातातला घास ताटात ठेवला.

‘कुनाच्या हाताखाली म्हनला?’

‘माझ्या.’

‘समद्यांम्होरं?’

‘सगळ्यांसमोर.’

‘परत सांग,’ ते म्हणाले. ‘पयल्यापास्नं.’