आबांचा दहा मिनिटांचा आनंद

खंडाळ्याच्या हॉटेलांत लोकांच्या लग्नांचे व्हिडिओ काढून काढून मला वीट आला, तेव्हा मी प्रायोगिक सिनेमा करायचं ठरवलं. विषय, कायम टिकणारा आनंद. कायम म्हणजे निदान दहा मिनिटं तरी टिकायला हवा, म्हणून एकच सलग शॉट. आमच्या गावी, इंदुरीला, भातखाचराच्या बांधावर आबा, म्हणजे माझे वडील, खुर्चीत बसून शेताकडे बघत हसतायत. बस्स. भारी कॅमेरा, त्याच्या तीन पायांच्या स्टँडसकट, पुण्याहून भाड्यानं आणला होता, तोही एका दिवसापुरता. आबांना बजावलं, "काहीही झालं तरी हलायचं नाही, बोलायचं नाही. नुसतं हसायचं."

"आन् नाकावं माशी बसली तर?"

"तरी हसायचं."

सात मिनिटं झकास गेली. मग पलीकडच्या खाचरातून माझे चुलते धावत आले. बांधाच्या भांडणापायी दोघा भावांत सहा वर्षं अबोला होता. आमच्याकडे शेतात तीन पायांचं काही उभं राहिलं की ती जमिनीची मोजणी, आणि मोजणी झाली की पाठोपाठ कुणातरी शेठचं कुंपण, हे आता शेळ्यांनाही कळतं.

"इकलीस?" चुलत्यांनी विचारलं.

आबा हसले.

"आरं, आमाला इचारायचं तरी!"

आबा आणखी हसले. चुलते लालबुंद झाले. मी एका वाक्यात सगळं मिटवू शकलो असतो, पण माझा आवाज सिनेमात यायला नको होता. इतका मी कलावंत! आजही त्याची लाज वाटते.

बोलता बोलता चुलत्यांचा आवाज एकदम बसला. ते बांधावर टेकले.

"नगं इकू, भाऊ. हितं कुंपण पडलं तर मी भांडू कुणाशी?"

आबा ताडकन उठले आणि नेमके कॅमेऱ्याकडे पाठ करून उभे राहिले. "येड्या, इकली न्हाई. पोरगं शूटिंग करतंय. आन् बांध तूच कोरलायस!"

"मी? का तू?"

शेवटची दीड मिनिटं पडद्यावर नुसती आबांच्या सदऱ्याची पाठ दिसते, आणि दोघांचा कलकलाट ऐकू येतो.

लोणावळ्यात एका छोट्या हॉलमध्ये सिनेमा दाखवला. एका जाणकारानं सल्ला दिला, "शेवट कापा. तिथं आनंद तुटतो."

मी मान डोलावणार, तेवढ्यात आबांशेजारी बसलेले चुलते उठले.

"कापायचं न्हाई," ते म्हणाले. "तितनंच तर आमी बोलाय लागलो."