लग्नाच्या कॅसेटीतली रापण

समुद्र सगळीकडे सारखाच असतो, असं तुम्हालाही वाटतं का? आमच्या मुंबईच्या दिग्दर्शकाला वाटत होतं. पूर्णगडच्या मच्छीमारांवर आम्ही माहितीपट करत होतो. मी रत्नागिरीची, म्हणून जुनं चित्रण शोधायचं काम माझ्याकडे. पूर्वी सगळा गाव मिळून किनाऱ्यावरून मोठं जाळं ओढायचा, ती रापण हवी होती. मुरुडच्या किनाऱ्यावरची तयार मिळतेय, तीच लावू, कोणाला कळतंय, असं त्याचं म्हणणं. पूर्णगडला कळेल, मी म्हटलं. मी चळवळीची पत्रकं वाटणाऱ्या घरात वाढले. साध्या पत्रकाच्याही तळाशी छापणाऱ्याचं नाव असतं. चित्राने मग आपलं गाव का लपवावं?

पूर्णगडला घरोघर विचारत फिरले. एका घरी काका म्हणाले, रापण आमच्या लग्नाच्या कॅसेटीत आहे. आतून काकू म्हणाल्या, "लग्न सोडून सगळं आहे तिच्यात."

झालं होतं असं, की अक्षता पडल्या आणि किनाऱ्यावरून हाक आली, बांगडा मासा लागलाय, जाळं जड झालंय. वऱ्हाड धावलं, व्हिडिओवाला धावला, नवरदेवही धावला. नवरी मांडवात एकटी बसून राहिली. काकूंनी हे वर्षानुवर्षं गावभर सांगितलं होतं. रागाने कॅसेट मात्र कधी पाहिली नव्हती. ती जगाला दाखवायला त्यांची साफ ना होती. शेवटी ठरलं, मी कॅसेट साफ करून कॉम्प्युटरवर घ्यायची, आधी त्यांनी बघायची, मग काय ते सांगायचं.

पुढच्या खेपेला लॅपटॉप घेऊन गेले. मुंडावळ्या बांधलेले काका दोर ओढताना दिसले, तशी काकूंनी विचारलं, "लग्न माझ्याशी लावलंत की बांगड्यांशी?" मग कॅमेरा वळला. चित्राच्या अगदी खालच्या कोपऱ्यात, ओल्या वाळूत, शालूचा पदर खोचून एक मुलगी दोराला लागली होती आणि हसत होती.

काकू पुढे सरकल्या. "बाय, ही तर मीच." मागाहून उठले असेन, असं काहीसं पुटपुटल्या. पुन्हा लावायला सांगितलं, मग आणखी एकदा. "घेऊन जा," म्हणाल्या, "पण मला ठेव हो त्यात."

संकलनात नेमकं तेच अडलं. जुनं चित्र चौकोनी, आजचा पडदा लांबट. तो भरायचा तर चित्र वरून-खालून कापावं लागतं. दिग्दर्शकाने कापलं, आणि खालच्या कोपऱ्यातल्या काकू चित्राबाहेर गेल्या. मी भांडले. दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या राहू देत, नाहीतर दृश्यच काढून टाका, म्हटलं. तो चिडला. पण पट्ट्या राहिल्या.

माहितीपट पूर्णगडला देवळाच्या सभामंडपात दाखवला. तो कोपरा आला तेव्हा मागून एक म्हातारी म्हणाली, "मांडवात बसलेलीस ना गो तू?" सगळ्यांत जास्त काकूच हसल्या. त्या हसण्यापुढे मला दुसरी पावती नको होती.

तुमच्या कपाटात अशी कॅसेट असेल तर दुरुस्त करून घ्या, तिच्यात जी माणसं आहेत त्यांना शेजारी बसवून शेवटपर्यंत बघा. आणि कोणी मागितली तर जरूर द्या, फक्त त्याला बजावून सांगा: कडा कापायच्या नाहीत.